ते भोक बुजवू नका! : मोटारीच्या वॉटर पंपाचा एक धडा

आपण मेकॅनिकलला आहोत म्हटल्यावर घरच्यांचा एक गोड गैरसमज असतो, की गाडीतलं आपल्याला सगळं कळतं. त्याहून वाईट म्हणजे तिसरं वर्ष संपेपर्यंत आपलाही तसाच समज झालेला असतो. माझा तो समज गेल्या मे महिन्यात कुंभार्ली घाटात, भर उन्हात, एका नवरदेवाच्या साक्षीनं उतरला. त्याची ही हकिगत आणि त्यातून शिकलेला वॉटर पंपाचा धडा. हकिगत माझ्या फजितीची आहे, खुशाल हसा. धडा मात्र नीट वाचा, कधी ना कधी उपयोगी पडेल.

चिपळूणला माझ्या काकांकडे १९८६ सालची ॲम्बेसिडर आहे. १४८९ सीसीचं पेट्रोल इंजिन, मूळचं ब्रिटिश घराण्यातलं. २०१४ साली ही गाडी बनायची थांबली, पण जुन्या गाडीतून नवरदेव आणायची हौस मात्र वाढली. लग्नसराईत काका स्वतः गाडी चालवत नेतात. त्या पैशांत गाडीचा वर्षाचा खर्च निघतो, म्हणून काकू ती दारात उभी राहू देते. नाहीतर कधीच भंगारात गेली असती.

परीक्षा संपवून मी पोचलो त्या दिवशीच काका म्हणाले, "रोज सकाळी अर्धा लिटर पाणी घालावं लागतंय रे. जरा बघ तरी काय ते. एवढा शिकतोयस."

मी बॉनेट उघडलं. रेडिएटर कोरडा, होजपाइप ठीक. पंख्यामागे वॉटर पंपाच्या बॉडीला खालच्या बाजूनं एक बारीक भोक दिसलं. त्यातून पाण्याचा थेंब लोंबत होता आणि खाली तांबूस ओघळ वाळलेला. फाउंड्रीचा पेपर डोक्यात ताजा होता. मी तिथल्या तिथे निदान जाहीर केलं, "काका, कास्टिंग डिफेक्ट आहे. याला ब्लो होल म्हणतात."

"चाळीस वर्षं नव्हता तो डिफेक्ट?" काकांनी विचारलं.

व्हायवाची सवय असल्यानं उत्तर तयारच होतं, "आतून गंजत गंजत आता उघडा पडला." मग एम-सील आणलं, मळलं, भोकात दाबून बसवलं. थेंब थांबला. दुसऱ्या दिवशी पाण्याची पातळी होती तिथेच. काकूनं माझ्यासाठी घावणे केले. मी ते मानधन समजून खाल्ले.

चौथ्या दिवशी चिपळूणचा नवरदेव पाटणला न्यायचा होता. मुहूर्त दुपारी साडेबाराचा. मी पुढे काकांशेजारी, मागे नवरदेव आणि दोन करवल्या. पोफळी मागे पडली, घाट सुरू झाला आणि दुसऱ्या-तिसऱ्या वळणावर पुढून 'खर्रर्र' असा आवाज यायला लागला. मी म्हटलं, "फॅन बेल्ट असणार. चला तुम्ही, हेळवाकला पोचल्यावर बघू."

काकांनी माझं ऐकलं नाही. गाडी कडेला घेऊन त्यांनी इंजिन बंद केलं आणि बॉनेट उघडलं. पंखा हातानं हलवला तर जवळजवळ बोटभर डुगडुगत होता. एका पात्याच्या टोकानं रेडिएटरच्या जाळीवर ओरखडा काढायला सुरुवात केली होती. आणखी एक-दोन वळणं चढलो असतो, तर पंखा जाळीत घुसला असता. मागून वऱ्हाडाचा टेम्पो आला, त्यात नवरदेवाला बसवलं. वेळेवर पोचला बिचारा, फेटा तेवढा तिरका झाला. काकांनी घेतलेले पैसे मुलाच्या वडिलांच्या हातात परत ठेवले, तेव्हा मी समोरच्या दरीतली झाडं मोजत होतो.

गाडी ओढत चिपळूणला आणली. मिस्त्रींनी पंपाखाली हात घातला, नखानं माझं एम-सील खरवडलं आणि विचारलं, "हे कुणी केलं?"

"आमच्यातल्याच कुणीतरी," काका म्हणाले.

"मी केलं," मी म्हटलं. तेवढं तरी माझ्या तोंडून निघालं, याचं आज बरं वाटतं.

मिस्त्री रागावले नाहीत. म्हणाले, "पोरा, हे भोक पडलेलं नाही. हे भोक ठेवलेलं आहे."

पंपाच्या पोटात काय असतं?

आय. सी. इंजिनच्या प्रॅक्टिकलला आपण हीट बॅलन्स शीट भरतो (कुणी कुणाच्या जर्नलमधून, ते सोडा). त्यात दिसतं, की इंधनातल्या उष्णतेपैकी ढोबळमानानं एक तृतीयांश उष्णता थंड करणारं पाणी घेऊन जातं. हे पाणी इंजिनातून रेडिएटरकडे आणि पुन्हा इंजिनाकडे फिरतं ठेवायचं काम वॉटर पंपाचं. तो आपला अभ्यासातलाच सेंट्रिफ्युगल पंप. वेग निम्मा झाला तर प्रवाह निम्मा आणि हेड पावपट, हे सूत्र इथेही लागू. म्हणजे बेल्ट घसरला किंवा इम्पेलरची पाती गंजून झिजली, तर पाण्याचा एक थेंबही न सांडता इंजिन तापू शकतं.

पंप उघडला तर आत चार मुख्य गोष्टी दिसतात: शाफ्ट, त्याच्या एका टोकाला पाण्यातला इम्पेलर, दुसऱ्या टोकाकडे बेअरिंग आणि या दोघांच्या मध्ये सील. सीलमध्ये कार्बनचा गुळगुळीत चेहरा स्प्रिंगनं दुसऱ्या गुळगुळीत चेहऱ्यावर दाबलेला असतो. एका बाजूला गरम पाणी, दुसऱ्या बाजूला बेअरिंगचं ग्रीस, मध्ये एवढाच पहारेकरी.

सील कधीतरी झिजणारच. झिजलं की पाणी बेअरिंगच्या दिशेनं येणार. म्हणून सील आणि बेअरिंग यांच्यामध्ये बॉडीला खालून एक भोक ठेवलेलं असतं. आलेलं पाणी तिथून बाहेर पडतं, बेअरिंग वाचतं आणि मालकाला दिसतं की सील गेलं. वेगळा दिवा नाही, घंटा नाही, पण सूचना पक्की.

मी ती सूचना एम-सीलनं बंद केली. पाणी आत साचलं, बेअरिंगमध्ये शिरलं, ग्रीस धुऊन गेलं, गोळ्या गंजल्या. ॲम्बेसिडरमध्ये रेडिएटरचा पंखा पंपाच्याच हबवर बसतो, त्यामुळे बेअरिंग खिळखिळं झालं की पंखाही डुलतो. काकांचं बेअरिंग आधीच थकलेलं होतं. मी त्याला चार दिवसांत बुडवलं.

निदान कसं करावं?

१. इंजिन पूर्ण थंड झाल्याशिवाय रेडिएटरची कॅप उघडू नका. कॅप दाब धरून ठेवते. तिच्यावर ७ आकडा असेल तर तो ७ पौंड प्रति चौरस इंच. त्या दाबाला पाणी सुमारे १११ अंशांना उकळतं. म्हणजे १०५ अंशांचं पाणी आत शांत असतं. कॅप उघडली की दाब जातो, ते पाणी क्षणात उसळतं आणि चेहऱ्यावर येतं. स्टीम टेबल पाठ नसलं तरी चालेल, एवढं लक्षात ठेवा.

२. पाणी कमी होतंय तर ते जातं कुठे, हे आधी शोधा. रात्री गाडीखाली कोरडा पुठ्ठा सरकवा. सकाळी डाग कुठे पडला ते बघा. डाग पंपाच्या खाली असेल तर बॅटरी घेऊन ते भोक शोधा. नव्या पंपाचं सील बसेपर्यंत एखादा थेंब आला तर घाबरायचं कारण नाही. पण वाळलेला तांबूस, पांढरट किंवा कूलंटच्या रंगाचा ओघळ दिसला आणि पातळीही उतरत असेल, तर सील गेलं समजा.

३. इंजिन बंद, किल्ली खिशात. बेल्ट सैल करा. पंखा (किंवा पंपाची पुली) दोन्ही हातांनी धरून वर-खाली हलवा, मग हळूच फिरवा. खेळ जाणवला किंवा आत वाळू असल्यासारखं खरखरलं, तर बेअरिंग गेलं. या परीक्षेला अर्धा मिनिट लागतो. मी तो अर्धा मिनिट दिला नाही.

४. आवाजाबद्दल शंका असेल तर बेल्ट पूर्ण काढून इंजिन काही सेकंदच चालवा. आवाज थांबला तर दोष पंपात किंवा डायनामोत आहे. मग दोन्ही हातानं फिरवून बघा. बेल्ट नसताना पाणी फिरत नाही, म्हणून 'काही सेकंद' म्हणजे काही सेकंदच.

५. गॅरेजमध्ये रेडिएटरच्या तोंडावर बसणारा, मीटर असलेला हातपंप मिळतो. थंड इंजिनावर तो लावून कॅपवरच्या आकड्याइतका दाब द्या आणि दहा मिनिटं थांबा. काटा उतरला तर गळती आहे. ती कुठे, हे डोळ्यांनी शोधा.

६. दुसऱ्या आरोपींनाही तपासा. इंजिन तापलं पण वरचा होज थंडच राहिला, तर थर्मोस्टॅट अडकलेला असू शकतो. तो काढून पातेल्यातल्या पाण्यात लोंबकळत सोडा, पाणी तापवा आणि त्याच्यावर कोरलेल्या तापमानाजवळ उघडतो का ते थर्मामीटर लावून बघा (मेसचं पातेलं मागू नका, मिळणार नाही). बाहेर कुठेच ओल नाही, तरी पाणी कमी होतंय, सायलेन्सरमधून पांढरा धूर थांबत नाही, ऑइल दुधाळ झालंय किंवा रेडिएटरमध्ये बुडबुडे येतात, तर संशय हेड गॅस्केटवर घ्या. तिथे पंप बदलून काही होणार नाही.

या सगळ्या यादीत पाना कुठेही लागला नाही, बेल्ट सैल करण्यापुरता सोडून. निदान डोळ्यांनी, हातांनी, कानांनी होतं. आपल्याला मात्र आधी पाना उचलायची घाई असते.

पंप बदलताना

मिस्त्रींनी मला बाजूला उभं केलं नाही, हाताखाली घेतलं. तो क्रम असा:

बॅटरीची निगेटिव्ह तार काढली. रेडिएटरचा ड्रेन कॉक उघडून पाणी बादलीत घेतलं. कूलंट असेल तर ते गटारात किंवा अंगणात सोडू नये. एथिलिन ग्लायकॉल विषारी असतं आणि चवीला गोडसर, त्यामुळे कुत्री-मांजरं ते चाटतात.

पंख्याचे बोल्ट बेल्ट काढायच्या आधी ढिले केले. बेल्ट ताणलेला असतो तोवर पुली जागची हलत नाही, नंतर ती पान्याबरोबरच गरगर फिरते. ही युक्ती पुस्तकात मला कुठे सापडली नव्हती. मग होज, रेडिएटर, डायनामो अशा क्रमानं जागा मोकळी केली. गाडी जुन्या ब्रिटिश घराण्यातली असल्यामुळे पाने इंची लागतात. मी १३ चा पाना लावायला गेलो तर मिस्त्रींनी हात धरला. अर्धा इंच म्हणजे १२.७ मिलिमीटर. ते ०.३ मिलिमीटर बोल्टचे कान गोल करायला पुरतात. टॉलरन्सचा धडा मला तिथे खरा समजला.

निघालेला प्रत्येक बोल्ट एका पुठ्ठ्यावर पंपाचं चित्र काढून त्या-त्या जागी खोचला. बोल्टच्या लांब्या सारख्या नसतील तर हा पुठ्ठाच वाचवतो. लांब बोल्ट चुकीच्या भोकात पिळला की ब्लॉकच फुटायचा.

नवा पंप लगेच बसवला नाही. जुन्याच्या शेजारी ठेवून आधी तपासला: भोकं जुळतात का, इम्पेलरची पाती त्याच दिशेनं वळलेली आहेत का आणि हबची उंची तेवढीच आहे का. उंची मी व्हर्नियरनं मोजली. हब पुढे आला तर पंखा जाळीला लागणार आणि बेल्टही वाकडा धावणार.

ब्लॉकचा चेहरा साफ करायला सर्वांत जास्त वेळ गेला. जुन्या गॅस्केटचा तुकडा राहिला तर गळणार, स्क्रू-ड्रायव्हरनं खरवडून चर पाडला तरी गळणार. निघालेला कचरा आत पडू नये म्हणून तोंडात फडकं कोंबलं (ते नंतर आठवणीनं काढलं). नव्या गॅस्केटला सिलिकॉनचा पातळ हात दिला. जास्त लावलं तर आतल्या बाजूला फुगे येतात, ते सुटतात आणि रेडिएटरच्या नळ्यांत जाऊन अडकतात. बोल्ट आधी सगळे हातानं लावले, मग समोरासमोरचे, दोन-तीन टप्प्यांत घट्ट केले. टॉर्क मॅन्युअलमध्ये दिलेला असतो, तो 'अंदाजे' नसतो.

बेल्ट ताणताना मी जोर लावायला लागलो. मिस्त्री म्हणाले, "तंबोरा लावतोयस का?" बेल्ट सैल असेल तर घसरतो, फार ताठ असेल तर पंपाच्या बेअरिंगवर चोवीस तास ओझं ठेवतो. नवा पंप लवकर मरायचं हे एक नेहमीचं कारण. तोही आकडा मॅन्युअलमधून घ्यावा.

पाणी हळूहळू भरलं, कारण घाईत हवा अडकते. इंजिन चालू करून वरचा होज गरम होईपर्यंत थांबलो, गळती पाहिली, मग बंद करून पूर्ण थंड झाल्यावर पातळी पुन्हा बघितली. ती थोडी उतरलेली होती, भरली. तापलेल्या इंजिनात थंड पाणी मात्र कधीच ओतू नये. त्या झटक्यानं हेड किंवा ब्लॉकला तडा जाऊ शकतो.

शेवटी मिस्त्रींनी जुन्या पंपाचं सील माझ्या तळहातावर ठेवलं. कार्बनवर गोल चरे पडले होते. इतकी वर्षं नुसतं विहिरीचं पाणी भरत आलो, त्यातला क्षार आणि गंज सीलवर बारीक वाळूच्या कागदासारखा घासत राहिला. कारण दूर केलं नाही तर नवा पंपही त्याच वाटेनं जाणार. म्हणून आता गाडीत डिस्टिल्ड वॉटर आणि कूलंट आहे. कूलंट नुसतं गोठू नये म्हणून घालत नाहीत. आपल्याकडे त्याचा मोठा उपयोग उत्कलनबिंदू वाढवणं आणि गंज रोखणं हाच. दोन वेगळ्या प्रकारची कूलंट्स एकत्र करू नयेत, आणि आहे त्यावर लिहिलेली मुदत पाळावी.

नव्या गाड्यांबद्दल एक सावधगिरी

वरचा क्रम जुन्या, मोकळ्या रचनेच्या गाडीचा आहे. पुढच्या बऱ्याच गाड्यांत रेडिएटरचा पंखा विजेवर चालतो आणि पंप टायमिंग बेल्टच्या कव्हरमागे असतो. काहींत तो टायमिंग बेल्टवरच फिरतो. अशा गाडीत पंप काढायचा म्हणजे टायमिंगला हात लावायचा. एक दात चुकला तरी इंजिनचं तंत्र बिघडतं, आणि काही इंजिनांत व्हॉल्व्ह पिस्टनवर आपटतात. तिथे मॅन्युअल आणि अनुभवी माणूस दोन्ही हवेत. टायमिंग बेल्ट बदलायची वेळ आली की पंपही त्याच वेळी बदलतात, कारण मजुरी तीच. काही गाड्यांत तर पंपाला बेल्टच नाही. २००९ साली आलेल्या तिसऱ्या पिढीच्या प्रियसमध्ये वॉटर पंप विजेच्या मोटरवर चालतो. तिथे पुली हलवून बघायचा प्रश्नच नाही, पण पाणी जातं कुठे हा पहिला प्रश्न तिथेही तोच.

शेवटी

काकांनी मला काही सुनावलं नाही. उलट पुढच्या लग्नाच्या आदल्या संध्याकाळी स्वतःहून हाक मारली, "चल, पंप बघ एकदा." मी बॅटरी घेऊन वाकलो. भोक कोरडं होतं. पंखा हलवून पाहिला, जागचा हलला नाही. दुसऱ्या दिवशी कुंभार्ली घाट चढताना मी एकदाही बोललो नाही, नुसता ऐकत होतो. नवरदेव वेळेत पोचला, फेट्यासकट. पैसे काकूच्या डब्यात गेले, गाडी दारात राहिली.

मित्रहो, मला ब्लो होलची व्याख्या येत होती, सेंट्रिफ्युगल पंपाचा व्हेलॉसिटी ट्रँगल येत होता. फक्त 'हे भोक इथे कशाला?' हा प्रश्न पडला नाही. यंत्रात एखादी गोष्ट विचित्र दिसली, की ती चूक आहे असं धरून बुजवायच्या आधी ती कुणीतरी मुद्दाम ठेवली असेल का, एवढं विचारा. आणि काका 'चाळीस वर्षं नव्हता तो डिफेक्ट?' असं विचारतात, तेव्हा उत्तर द्यायची घाई करू नका. तो प्रश्न माझ्या उत्तरापेक्षा जास्त इंजिनिअरिंगचा होता.

– अंतिम वर्ष, यंत्र अभियांत्रिकी